पार्ल्याची पोटनिवडणूक आणि तीन सभा

सर्वोच्च न्यायालयाच्या ११ डिसेंबर १९९५ च्या निकालातला एकच शब्दप्रयोग लोकांच्या तोंडी राहिला: हिंदुत्व ही जीवनपद्धती आहे. तेव्हापासून तो भाषणांत, अग्रलेखांत, वाहिन्यांवरच्या वादांत सतत येतो. पण ज्या खटल्यात हे लिहिलं गेलं, त्यात अपील करणारे हरले होते, हे फार थोड्यांना ठाऊक असतं. विलेपार्ल्यातून डॉ. रमेश प्रभू यांची झालेली निवड मुंबई उच्च न्यायालयाने रद्द ठरवली होती. सर्वोच्च न्यायालयाने ती रद्दच ठेवली. कारण होतं प्रचारसभांतली तीन भाषणं.

निवडणूक याचिका नेमकी कशावर जिंकली जाते आणि कशावर बुडते, हे समजून घ्यायला मराठी वाचकाला यापेक्षा जवळचं प्रकरण मिळणार नाही. गाव आपलं, भाषा आपली, माणसं आपल्या ओळखीची. शिवाय त्याच दिवशी, त्याच खंडपीठाने दादरच्या एका प्रकरणात अगदी उलटा निकाल दिला. दोन्ही निकाल शेजारी ठेवून वाचले की कायदा कुठे बोट ठेवतो ते दिसू लागतं.

काय घडलं

विलेपार्ले विधानसभा मतदारसंघाची पोटनिवडणूक १३ डिसेंबर १९८७ रोजी झाली आणि दुसऱ्या दिवशी निकाल लागला. शिवसेनेचे डॉ. रमेश प्रभू निवडून आले, काँग्रेसचे प्रभाकर काशिनाथ कुंटे हरले. त्या वेळी विधानसभेत शिवसेनेचे छगन भुजबळ एकटेच होते. शिवसेना आणि भाजप यांची युती अजून व्हायची होती. मुंबईपुरता आणि मराठी माणसाच्या प्रश्नांपुरता ओळखला जाणारा पक्ष हिंदुत्वाची भूमिका उघडपणे घेऊन मतं मागत होता, त्या वळणावरची ही निवडणूक. म्हणून एका जागेसाठी असूनही तिच्याकडे सगळ्यांचं लक्ष होतं.

प्रचारात बाळासाहेब ठाकरे यांच्या सभा झाल्या. पुढे न्यायालयात तीन सभांवर खल झाला: २९ नोव्हेंबरची पार्ल्यातली, ९ डिसेंबरची खारदांड्याची आणि १० डिसेंबरची पार्ले पूर्वेच्या जलतरण मैदानावरची. शेवटची सभा मतदानाच्या तीन दिवस आधी झाली.

कुंटे यांनी मुंबई उच्च न्यायालयात याचिका दाखल केली. १९८८ सालची ती पहिली निवडणूक याचिका. आरोप दोन होते. उमेदवाराच्या धर्माच्या आधारावर मतं मागितली गेली, हा पहिला. धर्माच्या नावावर समाजासमाजांत वैर आणि द्वेष पसरवला गेला, हा दुसरा. लोकप्रतिनिधित्व कायद्याच्या कलम १२३ मधली पोटकलमं ३ आणि ३क ती हीच.

कायद्याची भाषा इथे थोडी उलगडायला हवी. कलम १२३ ज्यांना भ्रष्ट प्रथा म्हणतं, त्यांत फक्त पैसा येत नाही. लाच आहेच. पण धाकदपटशा, धर्म-जात-भाषेच्या आधारावर मतं मागणं, उमेदवाराच्या खासगी चारित्र्याबद्दल जाणूनबुजून खोटं पसरवणं, मतदारांना फुकट वाहनाने केंद्रावर नेणं, खर्चाच्या मर्यादेचं उल्लंघन, सरकारी नोकरांची मदत घेणं, मतदान केंद्र बळकावणं हे सगळं त्यात आहे. धर्माबाबतचं पोटकलम १९६१ साली कडक झालं. त्याआधी असं आवाहन ‘पद्धतशीरपणे’ केलेलं असावं लागे. तो शब्द संसदेने काढून टाकला, आणि वैरभावाचं ३क हे पोटकलम त्याच दुरुस्तीत आलं. म्हणजे एखादं भाषणही पुरेसं ठरू शकतं, हे पार्ल्याच्या सभांआधी पंचवीसहून अधिक वर्षं कायद्यात लिहिलेलं होतं.

याचिका म्हणजे काय जोखीम असते

निकालानंतर ४५ दिवसांच्या आत उच्च न्यायालयात याचिका जायला हवी. एक दिवस उशीर झाला तर कारण कितीही खरं असो, ती फेटाळली जाते. अनामत २,००० रुपये. हरलेला उमेदवार याचिका करू शकतो, तसाच त्या मतदारसंघातला कोणताही मतदारही. ती मागे घ्यायची तर न्यायालयाची परवानगी लागते, कारण हे दोन उमेदवारांचं आपसातलं भांडण मानलं जात नाही. अख्ख्या मतदारसंघाचा त्यात वाटा असतो. ही तरतूद मला फार मोलाची वाटते. तिच्यामुळेच निवडणूक याचिका गुपचूप तडजोडीत विरून जात नाही.

भ्रष्ट प्रथेचा आरोप असेल तर पहिल्याच टप्प्यावर सगळे तपशील द्यावे लागतात: कोणी, कुठे, कोणत्या तारखेला, काय केलं. त्याला वेगळं शपथपत्र जोडावं लागतं. ‘प्रचारात जातीयवाद झाला’ असं मोघम लिहून चालत नाही. आणि पुरावा फौजदारी खटल्याच्या तोडीचा लागतो. निवडून आलेल्या माणसाचं पद जाणार असतं, त्यावर डाग बसणार असतो, आणि हजारो मतदारांनी दिलेला कौल पुसला जाणार असतो. संशयाचा फायदा निवडून आलेल्यालाच मिळतो. हे योग्यच आहे असं माझं मत आहे. नाहीतर प्रत्येक हरलेला उमेदवार मतमोजणीची दुसरी फेरी न्यायालयात लढेल.

पार्ल्याच्या याचिकेची ताकद इथेच होती. तिच्यात तारखा होत्या, मैदानांची नावं होती, वक्ता कोण ते होतं, आणि भाषणातली नेमकी कोणती वाक्यं आक्षेपार्ह आहेत ते होतं.

उच्च न्यायालय

७ एप्रिल १९८९ रोजी मुंबई उच्च न्यायालयाने निवड रद्द ठरवली. दोन्ही आरोप सिद्ध झाल्याचं म्हटलं. उमेदवाराने, आणि त्याच्या संमतीने त्याच्या प्रतिनिधीने, धर्माच्या आधारावर मतं मागितली आणि वैरभाव वाढवला, असा तो निष्कर्ष.

‘संमतीने’ या शब्दावर थांबलं पाहिजे. भाषण उमेदवाराचं नव्हतं, पक्षप्रमुखांचं होतं. मग उमेदवाराची आमदारकी का जावी? कायद्यातलं उत्तर असं: भ्रष्ट प्रथा उमेदवाराने स्वतः केली, त्याच्या निवडणूक प्रतिनिधीने केली, किंवा दुसऱ्या कोणी उमेदवाराच्या संमतीने केली, तर निवड थेट रद्द होते. त्या भाषणाने किती मतं फिरली याचा हिशोब मांडावा लागत नाही. संमती सिद्ध झाली नाही आणि कृत्य निवडणूक प्रतिनिधीखेरीज दुसऱ्या एखाद्या प्रतिनिधीने उमेदवाराच्या हितासाठी केलेलं असेल, तर मात्र निकालावर प्रत्यक्ष परिणाम झाला हे दाखवावं लागतं, आणि ते जवळपास अशक्य असतं. कोणत्या मतदाराने कोणत्या वाक्यामुळे शिक्का मारला हे कोण सांगणार?

संमती लेखी कोणी देत नाही. ती परिस्थितीवरून ओळखावी लागते. उमेदवार सभेला हजर होता का, प्रचाराची सूत्रं कोणाच्या हाती होती, भाषणाची दिशा कळल्यावर उमेदवाराने कधी आपला त्याच्याशी संबंध नाही असं म्हटलं का. पार्ल्यात उमेदवाराची सभेतली हजेरी आणि सगळ्या प्रचाराची रीत यांतून संमती असल्याचा निष्कर्ष न्यायालयाने काढला. पक्षाचा सर्वोच्च नेता तुमच्यासाठी मतं मागतो, तुम्ही तिथेच असता, दुसऱ्या दिवशीही तोच प्रचार पुढे चालू ठेवता. मग ‘ते त्यांचं मत होतं’ हा बचाव कसा टिकणार?

उच्च न्यायालयाने आणखी एक गोष्ट काटेकोरपणे केली. उमेदवाराखेरीज दुसऱ्या कोणाला भ्रष्ट प्रथेसाठी दोषी म्हणून नमूद करायचं असेल तर कलम ९९ प्रमाणे त्याला आधी नोटीस द्यावी लागते, साक्षीदारांची उलटतपासणी घेण्याची आणि आपला पुरावा मांडण्याची संधी द्यावी लागते. बाळासाहेबांना तशी नोटीस गेली, आणि त्यानंतरच निकालात त्यांचं नाव आलं. वाचताना ही कोरडी कार्यपद्धती वाटते. दादरच्या प्रकरणात तिच्याच अभावाने पारडं फिरलं.

सर्वोच्च न्यायालय

दोन्ही अपिलं, प्रभूंचं आणि ठाकरे यांचं, न्या. जे. एस. वर्मा, न्या. एन. पी. सिंग आणि न्या. के. वेंकटस्वामी यांच्या खंडपीठासमोर आली. अपील करणाऱ्यांच्या बाजूने राम जेठमलानी उभे राहिले.

युक्तिवाद भक्कम होता आणि तो गंभीरपणे घ्यायला हवा. पहिला मुद्दा: ही बंधनं भाषणस्वातंत्र्याच्या आड येतात. राज्यघटनेच्या कलम १९ मध्ये ज्या कारणांसाठी निर्बंध घालता येतात त्यांत धर्माच्या आधारावर मत मागण्याचा उल्लेख नाही. ‘सार्वजनिक सुव्यवस्था’ आहे, पण मत मागितल्याने सुव्यवस्था बिघडतेच असं नाही. दुसरा मुद्दा: हिंदुत्व म्हणजे धर्म नव्हे, ती या देशाची संस्कृती आहे, तेव्हा हिंदुत्वाचा उल्लेख म्हणजे धर्माचं आवाहन होत नाही.

पहिल्या मुद्द्यावर न्यायालयाने ‘सभ्यता’ या शब्दाचा आधार घेतला. घटनेत निर्बंधांच्या कारणांमध्ये सभ्यता आणि नीतिमत्ता आहेत. सभ्यता हा शब्द अश्लीलतेपुरता मर्यादित नाही, सार्वजनिक व्यवहारातल्या योग्य वागणुकीलाही तो लागू होतो, आणि धर्मनिरपेक्ष राज्यात धर्माच्या नावावर मत मागणं या सभ्यतेला सोडून आहे, असं खंडपीठाने म्हटलं. हे कलम वैध ठरलं. मला या निकालातला हा सगळ्यात महत्त्वाचा भाग वाटतो आणि त्याची चर्चा सगळ्यात कमी झाली.

दुसऱ्या मुद्द्यावर न्यायालयाने आधीच्या निकालांचा मागोवा घेत म्हटलं की हिंदू, हिंदू धर्म आणि हिंदुत्व या शब्दांना एकच नेमका अर्थ लावता येत नाही. त्यांचा संबंध या उपखंडातल्या लोकांच्या जीवनपद्धतीशी आहे. म्हणून भाषणात हे शब्द आले एवढ्यावरून ते भ्रष्ट प्रथा ठरत नाही. धर्माचा उल्लेख करणं किंवा एखाद्या धर्माच्या लोकांवर अन्याय होतोय असं म्हणणं कायद्याने मना नाही. भाषण पूर्ण वाचायचं, ज्या वातावरणात झालं ते पाहायचं, आणि समोर बसलेल्या सामान्य श्रोत्याने त्यातून काय घेतलं असेल हे ठरवायचं.

ही कसोटी लावल्यावर तिन्ही भाषणं नापास झाली. धर्माच्या रक्षणासाठी ही निवडणूक लढवतो आहोत, मुस्लिमांच्या मतांची पर्वा नाही, असा पहिल्या सभेतला सूर. खारदांड्याच्या सभेत उमेदवाराचं नाव घेऊन त्याला धर्माच्या नावावर विजयी करण्याचं आवाहन. तिसऱ्या सभेत पुन्हा ‘त्यांची मतं नकोत’, आणि त्याबरोबर मुस्लिमांविषयी हिणवणारे उल्लेख. संस्कृती आणि धर्म यांतला फरक कितीही बारकाईने मांडला तरी ‘धर्माच्या नावावर निवडून द्या’ या वाक्याला दुसरा अर्थ लावता येत नाही. हिंदुत्व शब्दाचा अर्थ काहीही असला तरी या खटल्याचा निकाल बदलला नसता. म्हणूनच माझं मत आहे की जीवनपद्धतीबद्दलची ती सगळी चर्चा या प्रकरणाचा निवाडा करायला गरजेची नव्हती. ती लिहिली गेली, आणि पुढे राजकारणात तेवढीच वाचली गेली. समर्थकांनी तिच्यात मान्यता पाहिली, विरोधकांनी तिच्यात घसरण पाहिली, आणि निवड रद्द राहिली ही गोष्ट दोघांच्याही आठवणीतून गळाली.

खंडपीठाने नेत्यांच्या भाषेबद्दल खेदही नोंदवला आहे. अशी भाषणं आपल्या सांस्कृतिक वारशातली मूल्यं बाजूला सारतात आणि धर्मनिरपेक्ष व्यवस्था पोखरतात, असा त्याचा आशय. ज्या निकालाने हिंदुत्वाला प्रमाणपत्र दिलं असं सांगितलं जातं, त्यातच हे लिहिलेलं आहे.

त्याच दिवशी दादर

मनोहर जोशी १९९० च्या विधानसभा निवडणुकीत दादरमधून निवडून आले. त्यांच्या निवडीविरुद्ध नितीन भाऊराव पाटील न्यायालयात गेले आणि उच्च न्यायालयाने जोशींची निवडही रद्द केली. अपील सुनावणीला येईपर्यंत जोशी राज्याचे मुख्यमंत्री झाले होते. म्हणजे ११ डिसेंबर १९९५ ला मुख्यमंत्र्यांच्या जुन्या निवडीचा निकाल होता.

त्यांच्याविरुद्ध मुख्य वाक्य होतं २४ फेब्रुवारी १९९० च्या शिवाजी पार्कवरच्या सभेतलं: पहिलं हिंदू राज्य महाराष्ट्रात स्थापन होईल, अशा अर्थाचं. सर्वोच्च न्यायालयाने या विधानाला तिरस्करणीय म्हणायला कमी केलं नाही. तरीही ते एक आशा व्यक्त करणारं विधान आहे, उमेदवाराच्या धर्माच्या आधारावर मत मागणं त्यात येत नाही, असा निर्णय दिला.

पुष्कळांना ही पळवाट वाटते. मलाही ती रेषा फार बारीक वाटते. निवडणुकीच्या व्यासपीठावरून, मतदानाच्या तीन दिवस आधी मांडलेली आशा कोणाला उद्देशून असते हे श्रोत्याला कळतंच. पण दादरचा निकाल त्या एका वाक्यावर उभा नाही. इतर नेत्यांच्या भाषणांचा आधार उच्च न्यायालयाने घेतला होता, आणि त्या नेत्यांना कलम ९९ ची नोटीस गेलेली नव्हती. शिवाय त्या भाषणांना जोशींची संमती होती हे याचिकेत जसं मांडायला हवं तसं मांडलेलं नव्हतं. त्यामुळे ती भाषणं बाजूला पडली, एकटं शिवाजी पार्कचं वाक्य उरलं, आणि ते पुरलं नाही.

पार्ल्याच्या निकालाशेजारी हे ठेवून पाहा. दोन्ही ठिकाणी पक्ष तोच, शहर तेच, प्रचाराचा सूर बराचसा तोच. फरक पडला तो याचिकेतल्या परिच्छेदांनी आणि एका नोटिशीने. निवडणूक याचिका लिहिणाऱ्या वकिलाला ही गोष्ट पाठ असते. बाहेरून पाहणाऱ्याला वाटतं की न्यायालयाने विचारसरणी तोलली.

१९९० च्याच निवडणुकीतल्या सांताक्रूझच्या अभिराम सिंग प्रकरणाने हा प्रश्न आणखी पुढे नेला. कलमातला ‘त्याच्या धर्माच्या’ हा शब्द फक्त उमेदवाराला लागू की मतदाराच्या धर्मालाही? सात न्यायमूर्तींच्या पीठाने ४ विरुद्ध ३ अशा मतांनी सांगितलं की मतदाराच्या धर्म-जात-भाषेच्या आधारावर केलेलं आवाहनही त्यात येतं. अल्पमतातल्या न्यायमूर्तींचं म्हणणं होतं की जात किंवा भाषेमुळे ज्यांच्यावर अन्याय झाला त्यांच्या प्रश्नांवर बोलणंच त्यामुळे अवघड होईल. ही भीती मला निराधार वाटत नाही. हिंदुत्वाच्या अर्थाला त्या पीठाने हात लावला नाही. तो निकाल आला २ जानेवारी २०१७ रोजी, निवडणुकीनंतर जवळपास सत्तावीस वर्षांनी.

घड्याळ

कायदा म्हणतो, उच्च न्यायालयाने याचिका सहा महिन्यांत निकाली काढण्याचा प्रयत्न करावा आणि सर्वोच्च न्यायालयाने अपील तीन महिन्यांत. पार्ल्याच्या याचिकेला उच्च न्यायालयात सव्वा वर्षाच्या आसपास लागलं. साक्षीपुरावे, कलम ९९ ची नोटीस हे सगळं धरलं तर ते फार नाही. अपिलाला साडेसहा वर्षांहून जास्त लागली. १९८५ मध्ये निवडलेल्या ज्या विधानसभेतल्या जागेसाठी हा वाद होता, तिची मुदत १९९० मध्येच संपली. नंतर आणखी एक विधानसभा आली आणि गेली. रद्द करायला जागाच उरली नव्हती.

उरली होती ती अपात्रता. भ्रष्ट प्रथेचा दोष सिद्ध झाल्यावर किती काळ अपात्र ठरवायचं हे निवडणूक आयोगाच्या मतानुसार राष्ट्रपती ठरवतात. कमाल सहा वर्षं. या काळात निवडणूक लढवता येत नाही आणि मतदानही करता येत नाही. बाळासाहेबांनी स्वतः कधी निवडणूक लढवली नव्हती, पण मताचा अधिकार त्यांच्याही बाबतीत जाणार होता. तोवर १९९६ आणि १९९८ च्या लोकसभा निवडणुका होऊन गेल्या होत्या. राष्ट्रपतींचा आदेश निघाला जुलै १९९९ मध्ये. अपात्रता ११ डिसेंबर १९९५ पासून १० डिसेंबर २००१ पर्यंत, पूर्ण सहा वर्षांची. आदेशावर सही झाली तेव्हा त्यातली साडेतीन वर्षं आधीच उलटून गेली होती.